बांध कोणी राखावा?

बदली हा आपल्यासारख्या सरकारी नोकरांच्या आयुष्याचा स्थायीभाव आहे. दर तीन-चार वर्षांनी गाव बदलते, कानावर पडणारी भाषा बदलते, मुलांची शाळा बदलते. आणि निघताना येणाऱ्या माणसाच्या हाती कार्यभार सोपवून आपण त्याची सही घेतो. तिजोरीतील शिल्लक, कपाटांच्या किल्ल्या, जडवस्तूंची नोंदवही, प्रलंबित प्रकरणांची यादी, असे सारे काही त्या कागदावर येते. एक गोष्ट मात्र तेथे कधीच येत नाही. आपल्या हातून झालेल्या निर्णयांची जी फळे अजून यावयाची आहेत, त्यांची जबाबदारी आपण कोणाकडे सोपविली, याचा रकाना त्या कागदात नसतो. माणूस जातो, सही राहते. आणि सहीचे परिणाम ज्यांच्या वाट्याला येतात त्यांना सही करणाऱ्याचे नावही ठाऊक नसते. एखाद्या कृत्याची नैतिक जबाबदारी किती काळ टिकते? करणारा तेथून निघून गेल्यावर, किंबहुना जगातून निघून गेल्यावर, ती संपते की दुसऱ्या कोणाकडे जाते? आणि जात असेल तर कोणाकडे?

हा प्रश्न मला पुस्तक वाचताना पडला नाही. तो पडला सुंदरबनातील एका मातीच्या बांधावर. काही वर्षांपूर्वी कलकत्त्यास नेमणूक असताना एका सुटीत मी गाडीने कॅनिंगपर्यंत आणि तेथून पुढे होडीने गोसाब्याकडे गेलो होतो. भरतीची वेळ होती. माझ्या एका हाताला नदी होती, दुसऱ्या हाताला भाताचे शेत होते, आणि नदीचे पाणी शेताहून उंच होते. कोकणातल्या खाडीकाठी माझे बालपण गेले असल्याने खारभूमी मला नवी नाही. तरीही पुरुषभर खाली पसरलेली हिरवीगार वस्ती आणि तिच्या डोक्यावरून वाहणारी नदी पाहून मी क्षणभर थबकलो. बांधाच्या एका खचलेल्या भागावर चार माणसे टोपल्यांनी माती टाकीत होती. त्यांतील वयाने थोर असलेल्या गृहस्थाला मी विचारले की, ही जमीन इतकी खाली कशी? त्याने हातातली टोपली खाली न ठेवताच उत्तर दिले, “जंगल माझ्या आजाने तोडले, बाबू. माती आम्ही वाहतो.” एवढे बोलून तो कामाला लागला. त्याच्या बोलण्यात तक्रारीचा सूर नव्हता, आणि म्हणूनच ते वाक्य माझ्या मनातून गेले नाही.

उष्ण कटिबंधात माणसाने वस्ती कशी केली आणि वस्ती करताना निसर्ग कसा पालटला, याचा इतिहास मोठा आहे. त्यात अरण्ये गेली, नद्यांची पात्रे बदलली, दलदली सुकल्या, आणि जेथे वाघ होते तेथे बाजार उभे राहिले. पण सुंदरबनाइतका हा इतिहास उघड्यावर पडलेला प्रदेश आपल्या देशात क्वचितच आढळेल. भारताच्या वाट्याला आलेल्या सुंदरबनाचे क्षेत्र सुमारे ९,६३० चौरस किलोमीटर. त्यात लहानमोठी १०२ बेटे मोजतात. त्यांपैकी ५४ बेटांवर माणसांची वस्ती आहे आणि उरलेल्या बेटांवर वन आहे. वस्तीच्या भागात सुमारे ४५ लाख लोक राहतात. त्यांचे रक्षण करणारे बांध मोजले तर ते साडेतीन हजार किलोमीटरांच्या आसपास भरतात, आणि त्यांतील बहुतेक मातीचे आहेत. दिवसातून दोनदा समुद्र या भिंतींना धडका देतो. बांध एका जागी फुटला तरी खारे पाणी आत शिरते आणि पुढे कित्येक हंगाम तेथे भात उगवत नाही.

ही भूमी वसविली गेली ती ‘रिकामी’ म्हणून. अठराव्या शतकात कंपनी सरकारचा भूमापक जेम्स रेनेल याने बंगालचे जे नकाशे तयार केले, त्यांत दक्षिणेकडील या भागाविषयी एक टीप आहे. मग लोकांच्या लुटालुटीमुळे हा मुलूख ओस पडला, असा तिचा आशय. आराकानचे मग आणि त्यांचे पोर्तुगीज साथीदार सतराव्या शतकात नद्यांच्या मुखांतून आत शिरून माणसे पकडून नेत व गुलाम म्हणून विकीत. मोगलांनी १६६६ मध्ये चितगाव घेतल्यावर हा उपद्रव ओसरला. तत्पूर्वीच गंगेचा मुख्य प्रवाह हळूहळू पूर्वेकडे, पद्मेकडे सरकला होता आणि पश्चिमेकडील नद्यांचे गोडे पाणी आटत चालले होते. गोडे पाणी गेले म्हणजे खारे पाणी आत येते, आणि खाऱ्या पाण्यामागोमाग सुंदरी, गरान, गेवा ही झाडे येतात. पण त्याही आधी येथे माणूस होताच. रायदिघीजवळ विटांचे उंच जटार देऊळ आजही उभे आहे. ते सुमारे हजार वर्षांपूर्वीचे मानतात. आज बांगलादेशात असलेल्या बागेरहाट येथे पंधराव्या शतकात खान जहान याने जंगल तोडून तळी खोदली, मशिदी बांधल्या, नगर वसविले. म्हणजे रेनेलच्या नकाशातील ती भूमी जन्मतः रिकामी नव्हती. तिला रिकामे करणारी काही कारणे होती. काही माणसांनी केलेली होती, काही नद्यांनी. रिकामेपणालाही इतिहास असतो. परंतु नकाशा पाहणाऱ्याला रिकामेपण दिसते, त्याचा इतिहास दिसत नाही.

बंगालीत पडीक जमिनीला ‘पतित’ जमीन म्हणतात. १७७० नंतर या अरण्यात जे पहिले पट्टे देण्यात आले, त्यांना ‘पतित-आबादी’ तालुके असे नाव पडले. मराठी माणसाला हा शब्द वाचून जरा चमकल्यासारखे होते, कारण आपल्याकडे पतित म्हणजे भ्रष्ट झालेला, ज्याचा उद्धार करावयाचा तो. महसुली भाषेचा हा योगायोग मला फार अर्थपूर्ण वाटतो. जी जमीन कर देत नाही ती पतित. तिचा उद्धार म्हणजे तिच्यावरील अरण्य तोडणे. एकदा असे ठरले म्हणजे कुऱ्हाड चालविणारा हा उद्धारकर्ता होतो आणि त्याच्या मनात अपराधाची भावना उरण्याचे कारण राहत नाही.

पुढचा क्रम सरकारी कागदांतून स्पष्ट दिसतो. १७८० च्या दशकात जेसोरचा न्यायाधीश टिलमन हेंकेल याने लहान शेतकऱ्यांना येथे जमिनी देण्याची योजना मांडली. त्याच्या नावाने वसलेला हेंकेलगंज लोकांच्या तोंडी हिंगलगंज झाला आणि आज तेच नाव रूढ आहे. १८२८ मध्ये कायदा करून हे अरण्य सरकारी मालमत्ता ठरविण्यात आले. त्यानंतरच्या दोन वर्षांत डॅम्पियर आणि हॉजेस या दोघांनी अरण्याची उत्तर सीमा आखली. त्यांच्या नावाची ती रेषा आजही सुंदरबनाची शासकीय व्याख्या म्हणून वापरली जाते. रेषेच्या दक्षिणेस जमिनीचे क्रमांकवार ‘लॉट’ पाडले. लोकांनी त्याचे ‘लाट’ केले, लॉटधारकाचा ‘लाटदार’ झाला. समुद्राच्या लाटेसमोर बसविलेल्या वस्तीला हे नाव मिळावे, हे मराठी कानाला खटकल्याशिवाय राहत नाही. या साऱ्या व्यवहाराचा १७६५ ते १८७० पर्यंतचा महसुली इतिहास एफ. ई. पार्गिटर यांनी लिहून १८८५ मध्ये प्रसिद्ध केला. पुराणांतील राजवंशांवर लिहिणारे पार्गिटर आपल्या अभ्यासकांना परिचित आहेत; तेच गृहस्थ सुंदरबनचे कमिशनर होते, हे फारसे कोणाच्या लक्षात नसते.

पट्ट्यांच्या अटींत एक अट अशी होती की, ठरलेल्या मुदतीत जमिनीचा ठरलेला हिस्सा तोडून लागवडीखाली आणला नाही, तर पट्टा परत घेतला जाईल. म्हणजे झाड उभे ठेवणे हा कराराचा भंग होता. लाटदार बहुधा कलकत्त्यास राहत. प्रत्यक्ष तोडणी केली ती छोटा नागपूरकडून आणलेल्या मुंडा, उराँव, संथाळ मजुरांनी आणि मेदिनीपूरकडून आलेल्या भूमिहीनांनी. वाघ, मगर, साप आणि ताप यांत किती माणसे गेली याची मोजदाद महसुलाच्या वहीत नाही. आणि ज्या सरकारने तोडले नाही म्हणून पट्टे परत घेतले, त्याच सरकारने १८७० च्या दशकाच्या अखेरीस उरलेले अरण्य आपल्या वनखात्याकडे घेऊन तोडणाऱ्याला गुन्हेगार ठरविले. दोन्ही धोरणांना त्या त्या वेळी सबळ कारणे होती. पण ज्याच्या हातात कुऱ्हाड होती, त्याच्या दृष्टीने पाहिले तर आज्ञा आणि गुन्हा यांमध्ये एका पिढीचेही अंतर नव्हते.

आता त्या खाली गेलेल्या जमिनीविषयी. गंगेच्या मुखाशी भूमी घडते ती गाळाने. भरतीचे पाणी बेटावर पसरते, ओहोटीला परतताना आपल्यातला गाळ मागे ठेवते, आणि अशा हजारो भरत्यांनी बेट बोटाबोटाने वर येते. ते पुरते वर आले म्हणजे भरतीचे पाणी त्यावर क्वचितच चढते, आणि तेव्हा माणसाने तेथे नांगर धरला तर निसर्गाची हरकत नसते. सुंदरबनात माणसाला तेवढा धीर नव्हता. बेट अर्धवट घडलेले असतानाच त्याभोवती बांध घातला गेला. बांधाने पाणी अडविले आणि पाण्याबरोबर गाळही अडविला. आतली जमीन वाढावयाची थांबली, सुकून दबत गेली; बाहेर तोच गाळ नदीच्या पात्रात साचून पात्र वर येऊ लागले. सीमेपलीकडे बांगलादेशात १९६० च्या दशकात मोठ्या प्रमाणावर बांध घालून जी बेटे बंदिस्त केली, त्यांतील एका बेटाचे मोजमाप शास्त्रज्ञांनी २०१५ मध्ये प्रसिद्ध केले. शेजारच्या वनापेक्षा बेटाची जमीन एक ते दीड मीटर खाली राहिलेली आढळली, आणि तीही अवघ्या पन्नास वर्षांत. २००९ च्या वादळात त्या बेटाचे बांध फुटून दोन वर्षे भरती आत येत राहिली, तेव्हा जमीन पुन्हा काही वीत वर आली. म्हणजे नदी देणे विसरली नव्हती. तिच्या वाटेत बांध उभा होता.

हा व्यवहार सावकारीच्या भाषेत नीट कळतो. पहिल्या पिढीने नदीकडून मुदतीपूर्वी जमीन उचलली. तिच्यावर पीक निघाले, खंड वसूल झाला, कलकत्त्याला तांदूळ गेला. मुद्दल फेडावयाचे राहिले आणि व्याज चढत गेले. जमीन जितकी खाली जाईल तितका बांध उंच हवा, आणि बांध जितका उंच तितका तो फुटल्यावर होणारा नाश मोठा. १९५० च्या दशकात जमीनदारी गेली, लाटदार गेले, बांध सरकारकडे आले. कर्ज ज्यांनी काढले त्यांची घरे कलकत्त्यात होती. वसुली मात्र त्या टोपलीवाल्याच्या नातवंडांकडून चालू आहे.

यावर पहिला आक्षेप असा निघेल की, त्या लोकांना हे ठाऊक नव्हते, आणि अज्ञानाने केलेल्या कृत्याचा दोष कसा द्यावा? आक्षेप विचारार्ह आहे, पण सर्वांशी खरा नाही. कलकत्त्याच्या बंदराला पर्याय म्हणून मातला नदीवर नवे बंदर उभारण्याचा घाट घातला गेला, तेव्हा हेन्री पिडिंग्टन या गृहस्थाने १८५३ मध्ये लॉर्ड डलहौसीला पत्र लिहून कळविले होते की, एक दिवस वादळाबरोबर येणारी समुद्राची लाट हे बंदर बुडवील. ‘सायक्लोन’ हा शब्द ज्याने जगाला दिला तोच हा पिडिंग्टन. बंगालीत ‘मातला’ म्हणजे मातलेला, बेभान. नदीचे नावच पुरेशी सूचना देत होते. तरीही रेल्वे आली, धक्के बांधले, कंपनी निघाली, तिच्या समभागांवर सट्टा झाला. १८६४ च्या वादळात सागर बेटावरील पाच-साडेपाच हजार वस्तीतील दीड हजार माणसेही वाचली नव्हती, तरी कोणी थांबले नाही. नोव्हेंबर १८६७ मध्ये वादळ आले, त्याच्याबरोबर लाट आली, आणि काही वर्षांतच पोर्ट कॅनिंग हे बंदर म्हणून संपले. पिडिंग्टन १८५८ मध्येच वारला होता. अज्ञान ही सबब तेव्हाच चालते, जेव्हा सांगणारा कोणीही नव्हता. सांगणारा होता आणि त्याचे पत्र दप्तरी दाखल झाले, असे असेल तर त्या अवस्थेला दुसरे नाव द्यावे लागेल.

दुसरा आक्षेप हेतूचा. सगळेच काही लोभाने तेथे गेले नाहीत. स्कॉटलंडचे डॅनियल हॅमिल्टन यांनी १९०३ मध्ये गोसाब्याची बेटे घेतली ती नफ्यासाठी नव्हे. भूमिहीनांना जमीन द्यावी, सावकाराच्या पाशातून सोडवावे, सहकारी पेढी, भाताची गिरणी, शाळा, दवाखाना काढावा, असे त्यांचे स्वप्न होते आणि बऱ्याच अंशी त्यांनी ते उभे केले. १९३६ मध्ये त्यांनी आपल्या वसाहतीपुरती स्वतःची एक रुपयाची नोट काढली होती. त्याआधी १९३२ मध्ये रवींद्रनाथ ही वसाहत पाहून आले होते. खाऱ्या पाण्यात तगणाऱ्या एका भाताच्या वाणाला तेथील लोक ‘हॅमिल्टन’ म्हणतात. एखाद्या परक्या माणसाला याहून सुंदर स्मारक कोणते मिळेल? परंतु हॅमिल्टन यांचा बांध आणि लोभी लाटदाराचा बांध यांत नदीने कधी भेद केला नाही. सद्धेतूने घातलेल्या बांधाआडची जमीनही तितकीच खाली गेली. हेतूने माणसाची परीक्षा होते. कृत्याची परीक्षा परिणामाने होते. या दोन परीक्षा वेगळ्या आहेत, आणि एकीत उत्तीर्ण झालेल्याने दुसरीतून सूट मागू नये.

हे सारे त्या प्रदेशातील अडाणी म्हणविल्या जाणाऱ्या लोकांना फार पूर्वी कळले असावे, असे त्यांच्या बनबीबीच्या कथेवरून वाटते. मध गोळा करण्यासाठी आणि मासे धरण्यासाठी रानात जाणारे हिंदू व मुसलमान दोघेही या देवीला नमन करून जातात. कथेतील धोना हा मधाचा व्यापारी. विधवेच्या एकुलत्या एका मुलाला, दुखेला, तो नोकर म्हणून बरोबर नेतो. आणि व्याघ्ररूपी दक्षिणराय जेव्हा मध व मेणाच्या बदल्यात त्या मुलाचा बळी मागतो, तेव्हा धोना मुलाला बेटावर सोडून होड्या भरभरून परततो. दुखेला बनबीबी वाचविते. धोना म्हणजे धनवान आणि दुखे म्हणजे दुःखी, ही नावेच सर्व काही सांगतात. अरण्याशी झालेल्या करारात मध एकाच्या होडीत पडतो आणि वाघाच्या पुढ्यात दुसरा उभा राहतो. कथेत देवी धावून आली. इतिहासात ती दरवेळी येतेच असे नाही. म्हणून रानात जाणाऱ्याने रिक्त हाताने आणि शुद्ध मनाने जावे, गरजेपुरतेच घ्यावे, असा त्या लोकांचा दंडक आहे.

आपल्या परंपरेतही याची आठवण आहे. खांडववन जाळून इंद्रप्रस्थ उभे राहिले. कृष्णार्जुनांनी चहूबाजूंनी कोंडून त्या वनातील जीव का मारले, हा अवघड प्रश्न इरावतीबाई कर्वे यांनी ‘युगान्त’मध्ये विचारला आहे, आणि तो विचारल्यावर मयसभेचे वैभव पूर्वीसारखे दिसत नाही. महाभारतकाराने मात्र हिशेब अपुरा ठेवलेला नाही. त्या दिवशी तक्षक वनात नव्हता, तो वाचला. अर्जुनाला त्याने काही केले नाही. अर्जुनाचा नातू परीक्षित, ज्याने खांडववन पाहिलेही नव्हते, तो तक्षकाच्या दंशाने मेला. निमित्त ऋषिपुत्राच्या शापाचे होते हे खरे. पण दंश करणारा कोण, हे कवीने विचार केल्याशिवाय ठरविले असेल असे मला वाटत नाही. पुढे जनमेजयाने सर्पसत्र मांडले आणि सूडाची परतफेड सूडाने सुरू झाली. ते सत्र आस्तिकाने थांबविले, ज्याची आई नागकुळातली होती. दोन्ही बाजूंचे दुःख ज्याच्या घरात होते त्यालाच ते थांबविता आले.

सुंदरबनातील अशा दुहेरी दुःखाचे नाव मरीचझांपी. फाळणीनंतर पूर्व बंगालातून आलेल्या निर्वासितांपैकी अनेकांना १९५८ मध्ये सुरू झालेल्या दंडकारण्य प्रकल्पाखाली कोरापुट आणि बस्तरच्या रानात वसविले गेले. पुढे आपल्या चांदा जिल्ह्यातही, म्हणजे आजच्या गडचिरोलीच्या भागात, त्यांच्या वसाहती झाल्या. तेथेही जमीन ‘रिकामी’ होती, आणि तेथेही गोंड, कोया पूर्वीपासून होते. नद्यांच्या मुलखातील माणसांना तो खडकाळ प्रदेश मानवला नाही. १९७८ मध्ये त्यांच्यातील हजारो लोक सुंदरबनात परतले, मरीचझांपी बेटावर उतरले आणि स्वतःच्या हाताने बांध घालून राहू लागले. बेट राखीव वनात मोडत होते. जानेवारी १९७९ मध्ये बेटाची नाकेबंदी झाली, गोळीबार झाला, आणि मे महिन्यात वस्ती उठविली गेली. मृतांच्या आकड्यावर आजही एकमत नाही. १९७३ मध्येच सुंदरबन व्याघ्रप्रकल्पात आले होते. वन राखणे आवश्यक होते, हे मी नाकारीत नाही. याच खारफुटीच्या भिंतीने वादळांचा पहिला मारा अंगावर घेतल्यामुळे आतला मुलूख, कलकत्त्यासह, काही अंशी वाचतो. तरीही मनात येते की, दीडशे वर्षांपूर्वी अरण्य तोडावे म्हणून ज्यांच्यासारख्यांना तेथे नेले, त्यांच्यासारख्यांनाच अरण्य राखावे म्हणून तेथून काढले. दोन्ही वेळा बेटाचा विचार झाला. माणसाचा नंतर झाला.

येथे मला स्वतःविषयी एक गोष्ट सांगितली पाहिजे. नोकरीच्या आरंभीच्या काळात, पूर्वेकडील एका राज्यात, एका कामासाठी पाहिलेल्या जमिनीवर मी ‘कोणाचीही वहिवाट नाही’ असा शेरा लिहिला होता. पाहणी मी प्रामाणिकपणेच केली होती. पण ती चैत्रातल्या एका दुपारी केली होती. त्या जमिनीवर लोक येत ते पावसाळ्यात, गुरे आणि मुलेबाळे घेऊन, पूर उतरेपर्यंत. हे मला कळले तेव्हा माझी बदली झाली होती आणि कागद पुष्कळ पुढे गेला होता. मी काही लिहिले नाही. आपले काम नियमाप्रमाणे झाले आहे, अशी मनाची समजूत घातली. ते लोक पुढे पावसाळ्यात कोठे गेले, हे मी कधी विचारले नाही. आणि मी विचारले नाही, याची आठवण मला त्या बांधावर झाली. ज्यांच्याविषयी आतापर्यंत मी ‘ते’ असे लिहीत आलो, त्यांच्यात मीही आहे.

मग करावे काय? वस्तीच व्हावयास नको होती, हे म्हणणे आज पोकळ आहे. ४५ लाख माणसे म्हणजे चूक नव्हे; त्यांची गावे, देवळे, दर्गे, गाणी तेथे आहेत. त्यांना उठून जा म्हणणे सोपे आहे; कोठे जा, हे सांगणे कोणाला जमलेले नाही. लोहाचरा बेट पाण्याखाली गेले, घोडामाराचा निम्म्याहून अधिक भाग गेला, तेथले लोक सागर बेटावर सरकले. सागरचीही धूप होतेच आहे. २५ मे २००९ च्या ‘आयला’ वादळाने शेतांत मीठ भरले, तेव्हा कित्येक घरांतील कर्ते पुरुष केरळ-तामिळनाडूकडे मजुरीला गेले. मागे राहिलेल्यांनी आजोबांच्या काळातील खारट पाण्यात येणारी भाताची बियाणी शोधून काढली. चढ्या उत्पन्नाच्या नव्या वाणांपुढे ती जवळजवळ विसरली गेली होती. २०२० मध्ये ‘अम्फान’ आले. समुद्राची पातळी चढते आहे, आणि ती चढविणारा धूर सोडणारे देश त्या टोपलीवाल्याने ऐकलेलेही नाहीत. लाटदार आता कलकत्त्यातच राहतो असे नाही. तो जगभर पसरला आहे.

बांगलादेशात एक वेगळा प्रयोग लोकांनीच सुरू केला. १९९० मध्ये डाकातिया बिलाचा बांध, आत साचलेल्या पाण्याला कंटाळून, गावकऱ्यांनीच कापला. पुढे १९९७ मध्ये भायना बिलात तसेच झाले. भरती आत आली, गाळ ठेवून गेली, जमीन वर येऊ लागली. नंतर सरकारनेही ही रीत स्वीकारली. ही खरी परतफेड आहे. पण तिची किंमत आहे. गाळ बसेपर्यंत काही वर्षे शेत पाण्याखाली राहते, आणि तेवढी वर्षे त्या शेतकऱ्याने खावे काय? ज्याचे शेत बुडते त्याच्या त्यागाने शेजारच्या दहा गावांचे भले होते. ती वर्षे त्याला दहा गावांनी, राज्याने, आणि त्या तांदळावर वाढलेल्या शहराने पोसावे, हा साधा न्याय आहे. तो न मिळाल्यास ही परतफेडही पुन्हा दुखेच्याच माथी बसते.

आमच्याकडे कुलाबा जिल्ह्यात शिलोत्री जमिनींची जुनी रीत होती. खाडीची जमीन बांध घालून काढावयाची. आणि त्या जमिनीचा शिलोत्रीदार म्हणविणाऱ्यावर बाहेरचा बांध राखण्याचे बंधन असे. हक्क आणि टोपली एकाच घरात. गोव्यातील खाजणांतही गावकरी मिळून बांध आणि मानशी सांभाळीत. या पद्धतींतही अन्याय होते. त्यांना सुवर्णयुग मानण्याचे कारण नाही. पण त्यांच्या मुळाशी असलेला विचार मला नीतीचा पाया वाटतो. जमिनीचे फळ ज्याच्या पदरात पडते, बांध राखण्याचे ओझे त्याच्या खांद्यावर असले पाहिजे. आणि तो दूर राहतो, त्याची बदली झाली, तो वारला, या कारणांनी ओझे हलके होत नाही, ते त्याच्या फळाबरोबर त्याच्या वारसांकडे जाते. फळ शहराकडे गेले असेल तर ओझेही शहराकडे गेले पाहिजे.

आपण अधिकारी माणसे फळ खात नाही असे म्हणू. पगार खातो, आणि सही करतो. तेव्हा आपल्यापुरते एवढेच सुचते. कोठल्याही जमिनीविषयी, नदीविषयी, अरण्याविषयी शेरा लिहिताना दोन प्रश्न कागदावर लिहून ठेवावेत. ही जागा रिकामी दिसते ती कोणत्या ऋतूत? आणि येथे जे आपण बांधू, ते पन्नास वर्षांनी कोण राखील? उत्तर ठाऊक नसेल तर तसे लिहावे. त्याने काम अडेल, वरिष्ठ नाराज होतील, एखादे वेळी प्रश्नच खोडला जाईल. पण पिडिंग्टनच्या पत्राप्रमाणे तो दप्तरी राहील, आणि पुढे ‘आम्हाला ठाऊक नव्हते’ असे म्हणण्याची सोय कोणाला राहणार नाही.

परतताना ओहोटी लागली होती. बांध कोरडा आणि निरुपद्रवी दिसत होता. ती चार माणसे अजून माती टाकीत होती, कारण रात्री पुन्हा भरती होती.